तट एकाचा, भय दुसऱ्याचे

युद्ध पुकारताना ‘आम्ही आक्रमण करीत आहोत’ असे एखाद्या राजाने, सुलतानाने अथवा व्यापारी कंपनीने जाहीर केल्याचे उदाहरण इतिहासात क्वचितच सापडेल. तलवार उपसणारा प्रत्येक जण म्हणतो की आपण ती संरक्षणासाठी उपसली. त्यात सर्वच जण खोटे बोलत असतात असेही नव्हे. पुष्कळांना खरोखरच भय वाटत असते, आणि ते भय अगदीच निराधार असते असेही म्हणता येत नाही. म्हणूनच बचाव कोठे संपतो आणि आक्रमण कोठे सुरू होते, हा प्रश्न वरवर दिसतो तेवढा सोपा राहत नाही.

या प्रश्नाचा विचार करण्यासाठी आपणांस दूरदेशी जाण्याचे प्रयोजन नाही. वसई, साष्टी, चौल या आपल्याच किनारपट्टीवर अडीचशे वर्षांत हा प्रश्न पुनःपुन्हा उभा राहिला आणि दर वेळी रक्ताने सोडवला गेला. त्यांतील चार प्रसंग आम्ही येथे एकाशेजारी एक ठेवीत आहोत. नावे बदलतात, निशाणे बदलतात, धर्म बदलतात. परंतु घटनेची घडण इतकी सारखी आहे की ती पाहिल्यावर कोणत्याही एका पक्षाला निर्दोष ठरवून मोकळे होणे कठीण जाते.

चार तटांची कथा

पहिला प्रसंग वसईचाच आहे. १५३१ साली पोर्तुगीज गव्हर्नर नुनो द कुन्हा याने गुजरातच्या सुलतानाच्या दीव बंदरावर हल्ला केला; तो फसला. त्यानंतर पोर्तुगीज आरमाराने गुजरातच्या ताब्यातील किनाऱ्यावरची गावे जाळण्याचा सपाटा लावला. साहजिकच सुलतान बहादूरशहाच्या सरदाराने, मलिक तुघान याने, वसईला तटबंदी करावयास घेतली. किनारा जळत असताना बंदराला तट घालणे याहून बचावाचे दुसरे निखळ उदाहरण कोणते असेल? परंतु पोर्तुगिजांच्या लेखी वसईचा तट हा त्यांच्या गलबतांना धोका होता. १५३३ च्या आरंभी नुनो द कुन्हा मोठे आरमार घेऊन आला, वसई जिंकली आणि तो तट जमीनदोस्त करून परत गेला. पुढच्याच वर्षी हुमायूनच्या स्वारीने घेरलेल्या बहादूरशहाने पोर्तुगिजांशी तह केला. २३ डिसेंबर १५३४ च्या त्या तहाने वसई आणि तिच्या आसपासची बेटे पोर्तुगालच्या राजाकडे आली. तांबड्या समुद्राकडे जाणाऱ्या गुजराती गलबतांनी वसईस येऊन परवाना घ्यावा व जकात भरावी, असेही त्यात ठरले. जो तट धोकादायक म्हणून पाडला होता त्याच वसईत १५३६ साली पोर्तुगिजांनी आपल्या किल्ल्याचा पाया घातला. या वेळी त्या तटाला कोणी धोका म्हटले नाही. तो आता ‘संरक्षण’ होता.

दुसरा प्रसंग कोर्लईचा. चौलला, म्हणजे आजच्या रेवदंड्याला, पोर्तुगिजांची वखार व ठाणे १५२१ पासून होते. खाडीच्या दक्षिणेला समुद्रात घुसलेला कोर्लईचा डोंगर. त्या डोंगरावर तोफा चढल्या तर चौलचे बंदर त्यांच्या माऱ्यात येणार, हे दोन्ही बाजूंना ठाऊक होते. पोर्तुगिजांना तेथे किल्ला हवा होता. अहमदनगरच्या निजामशाहीला त्यांचा किल्ला तेथे नको होता. सोळाव्या शतकाच्या मध्याला यावरून तंटा झाला आणि तेथे कोणीच तटबंदी करू नये, असा समझोता झाला. या संपूर्ण कथेतील हा बहुधा सर्वांत शहाणपणाचा करार असावा. परंतु १५७०-७१ साली निजामशाही फौजेने चौलला प्रदीर्घ वेढा घातला आणि परस्परांवरील उरलासुरला विश्वासही संपला. पुढे दुसऱ्या बुऱ्हाण निजामशहाने कोर्लईवर बळकट किल्ला उभारून तेथे फौज ठेवली. १५९४ च्या सप्टेंबरात वसई व साष्टीहून कुमक मागवून पोर्तुगिजांनी त्यावर हल्ला चढवला आणि किल्ला घेतला. समोरच्या काठावर शत्रूचा तट उभा राहतो आहे, तो पुरता बळावण्याआधी आपण चालून जावे, हाच त्यांचा युक्तिवाद होता. तोफेच्या टप्प्यात राहणाऱ्या चौलच्या रहिवाशाला तो पटला असेल, यात शंका नाही.

तिसऱ्या प्रसंगात भूमिकांची अदलाबदल झाली. अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात कल्याण मराठ्यांच्या हाती आले, आणि १७३०-३१ च्या सुमारास मराठी फौजांच्या धाडी पोर्तुगीज मुलखावर येऊन गेल्या. साष्टी बेटाचे दार म्हणजे ठाण्याची चिंचोळी खाडी. हे दार उघडे आहे हे ओळखून पोर्तुगिजांनी व्हाइसरॉय काउंट द सांदोमील याच्या कारकिर्दीत ठाण्याला किल्ला बांधण्यास आरंभ केला. त्यांच्या दृष्टीने हा निव्वळ बचाव होता. आपल्या बेटाच्या आपल्या काठावर भिंत घालण्याचा अधिकार कोण नाकारील? खाडीपलीकडे उभ्या असलेल्या मराठ्यांना मात्र ती भिंत निराळी दिसली. हा किल्ला पुरा झाला तर खाडीवर कायमची तोफ रोखली जाईल, कल्याणची वाट पोर्तुगिजांच्या मर्जीवर राहील आणि साष्टीत पाऊल टाकण्याची संधी पुन्हा येणार नाही, असा त्यांचा हिशेब होता. त्यात आंग्रे बंधूंच्या भाऊबंदकीत पोर्तुगिजांनी हात घातला होता, ही आग निराळीच. मार्च १७३७ मध्ये बांधकाम अपुरे असतानाच मराठी फौजा खाडी ओलांडून ठाण्यावर आल्या आणि किल्ला पडला. कोर्लईच्या डोंगरावर पोर्तुगिजांनी जे केले होते तेच, त्याच कारणासाठी, १४३ वर्षांनी त्यांच्यावर उलटले.

चौथा प्रसंग त्याच ठाण्याचा. १७३९ नंतर सारी साष्टी मराठ्यांकडे होती. मुंबईकर इंग्रजांचे मन त्या बेटावर फार पूर्वीपासून जडले होते. साष्टी आणि वसई मिळवण्याची खटपट करण्यासाठी १७७२ साली त्यांनी टॉमस मॉस्टिन याला पुण्याच्या दरबारी वकील म्हणून पाठवलेही होते. १७७४ च्या अखेरीस बातमी आली की साष्टी परत घेण्यासाठी पोर्तुगीज आरमार निघाले आहे. बातमी खोटी नव्हती. ते आरमार मुंबईच्या तोंडाशी खरोखरच येऊन उभे राहिले. मुंबईच्या कौन्सिलने ठरवले की पोर्तुगिजांनी ठाणे घेतले तर मुंबई धोक्यात येईल, सबब ते आपणच आधी घ्यावे. २८ डिसेंबर १७७४ रोजी इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला हल्ला करून घेतला. त्या मोहिमेत त्यांचा कमोडोर वॉटसन प्राणास मुकला आणि आतील मराठी शिबंदीपैकी बहुतेक लोक कापले गेले. येथे तर्कशास्त्राने परिसीमाच गाठली, असे म्हणावे लागते. धोका पोर्तुगिजांचा, आणि मारले गेले मराठे!

धर्मपंडितांनी घातलेली मर्यादा

या चारही प्रसंगी ‘आधी आपण’ हा एकच न्याय लावला गेला. या न्यायाविषयी ख्रिस्तसभेच्या विचारवंतांनी काय म्हटले आहे, हे पाहणे आपल्याला अगत्याचे आहे. कारण यांतील पहिल्या दोन प्रसंगी चालून जाणाऱ्यांच्या निशाणावर क्रूस होता.

संत ऑगस्टीन यांना केवळ स्वतःचा जीव वाचवण्यासाठी दुसऱ्याचा जीव घेणे मनापासून पटत नव्हते. सार्वजनिक अधिकाराने, अन्यायाच्या निवारणासाठी केलेले युद्ध मात्र त्यांनी नाइलाज म्हणून मान्य केले. तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी व्यक्तीचा स्वसंरक्षणाचा हक्क मान्य केला, परंतु त्याला दोन कुंपणे घातली. बचाव करणाऱ्याचा हेतू स्वतःचा जीव वाचवण्याचा असावा, समोरच्याचा जीव घेण्याचा नसावा. आणि जेवढ्या बळाने बचाव साधतो त्याहून अधिक बळ वापरले तर तो बचाव न्याय्य राहत नाही. युद्धाबाबतही त्यांनी तीन अटी सांगितल्या: अधिकृत सत्ता, न्याय्य कारण आणि शुद्ध हेतू. यांतील तिसरी अट विसरण्याकडेच राज्यकर्त्यांचा कल असतो, कारण ती तपासायला मनाशिवाय दुसरे न्यायालय नाही.

आमच्या विषयाच्या दृष्टीने याहूनही महत्त्वाचे नाव सालामांकाच्या फ्रांसिस्को द व्हितोरिया या डॉमिनिकन धर्मगुरूंचे आहे. वसई पोर्तुगिजांकडे आल्यानंतर अवघ्या पाच वर्षांनी, १५३९ साली, त्यांनी स्पेनच्या अमेरिकेतील विजयांविषयी आणि युद्धाच्या न्यायाविषयी व्याख्याने दिली. स्वतःच्याच राजाच्या पराक्रमाची चिकित्सा करणे त्या काळी धाडसाचे होते. त्यांनी सांगितले की धर्म भिन्न असणे हे युद्धाचे कारण होऊ शकत नाही. राज्य वाढवणे हेही नाही आणि राजाची कीर्ती हेही नाही. प्रत्यक्ष घडलेला अन्याय हेच एक कारण. शत्रूची मुले मोठी होऊन उद्या आपल्यावर शस्त्र उचलतील म्हणून त्यांना आज मारावे काय, या प्रश्नाला त्यांनी नकार दिला. जे पाप अजून घडलेच नाही त्याची शिक्षा कोणाला देता येत नाही, अशी त्यांची भूमिका होती. दोन्ही पक्ष आपापल्या समजुतीप्रमाणे प्रामाणिकपणे लढत असू शकतात, हेही त्यांनी ओळखले होते. म्हणूनच त्यांनी राज्यकर्त्याला बजावले की युद्धाचा निर्णय एकट्याने घेऊ नये. शहाण्या व निःस्पृह माणसांचे मत घ्यावे आणि विरुद्ध पक्षाचे म्हणणेही ऐकून घ्यावे.

ज्या डॉमिनिकन संघात व्हितोरिया होते त्या संघाचा मठ पुढे वसईच्या किल्ल्यातही उभा राहिला. त्याच्या चर्चचे अवशेष आपण आजही पाहतो. तेथपर्यंत संघ पोहोचला, परंतु व्हितोरियांची शिकवण राज्यकारभारात तेथपर्यंत पोहोचली, असे म्हणवत नाही.

ठाण्यापासून वसईपर्यंत

आता पुन्हा १७३७ कडे वळू. मराठ्यांची ठाण्यावरील चाल केवळ एका अपुऱ्या किल्ल्याच्या भयातून झाली, असे म्हटले तर आपण अर्धेच सत्य सांगू. मालाडचे अंताजी रघुनाथ, अंजूरचे गंगाजी नाईक आणि त्यांच्यासारखे साष्टीतील अनेक जण पेशव्यांकडे दाद मागत होते. त्यांची तक्रार काल्पनिक नव्हती. गोव्यात १५६० पासून धर्मन्यायसभा, म्हणजे इन्क्विझिशन, सुरू होती आणि तिचा हात वसईपर्यंत पोहोचत होता. हिंदूंच्या उघड धर्मविधींवर बंदी होती. पोरक्या हिंदू मुलांना ख्रिस्ती पालकांच्या हवाली करण्याचा हुकूम सोळाव्या शतकातच निघाला होता. आपल्या पूर्वजांच्या श्रद्धेचा आम्हांला सार्थ अभिमान आहे. परंतु त्या श्रद्धेच्या नावाने शेजाऱ्यावर झालेला अन्याय अन्यायच होता, हे म्हणताना आमचा स्वर अडखळता कामा नये. व्हितोरियांच्या कसोटीने पाहिले तर साष्टीच्या हिंदू रयतेपाशी प्रत्यक्ष घडलेल्या अन्यायाचे कारण होते. पोर्तुगिजांपाशी ठाण्याला तट घालण्याचे कारण होते. मराठ्यांपाशी तो तट थोपवण्याचे कारण होते. तिघांचीही कारणे खरी होती, आणि म्हणूनच हा प्रसंग अभ्यासण्याजोगा आहे.

तथापि कारण खरे असणे आणि कृती मर्यादेत राहणे या दोन स्वतंत्र गोष्टी आहेत. ठाणे पडल्यावर त्या किल्ल्याचे भय संपले. मग तो किल्ला पाडला गेला काय? नाही. मराठ्यांनी तो पुरा करून स्वतःसाठी वापरला. १७३८ च्या अखेरीस तो परत घेण्याचा पोर्तुगिजांचा प्रयत्न त्याच तटासमोर फसला आणि त्यांचा उत्तरेकडील सेनापती पेद्रो द मेलो तेथे पडला. १७३९ च्या जानेवारीत माहीम, तारापूर ही ठाणी पडली. तारापूरच्या तटावर बाजी भिवराव रेठरेकर कामी आले. त्यानंतर चिमाजी अप्पांनी वसईचा वेढा आवळला. मे महिन्यात बुरुजांखाली सुरुंग उडाले, खिंडारांतून हल्ले झाले, आणि कापितान कायतानो द सोझा परेरा याने किल्ला स्वाधीन केला. मेलेल्या व जखमी झालेल्या मराठ्यांची संख्या ५,००० च्या घरात गेली, अशी नोंद ग्रँट डफ करतो. वेढ्यातील पोर्तुगिजांनी मदत मागितली तेव्हा मुंबईकर इंग्रजांनी चर्चची चांदीची भांडी आणि पितळी तोफा तारण घेऊन १५,००० रुपये कर्जाऊ दिले. शेजाऱ्याच्या घराला आग लागली असता तारण मागणाऱ्या या सावकारीवर अधिक भाष्य नको.

विजयानंतर चिमाजी अप्पांनी दाखवलेला संयम मात्र नमूद केलाच पाहिजे. पोर्तुगीज शिबंदीला शस्त्रांसह व कुटुंबांसह जाऊ दिले गेले, ज्यांना राहावयाचे होते त्यांना धर्मपालनाची मुभा मिळाली, आणि वसई शहरात एक, वसई प्रांतात एक व साष्टीत एक अशी तीन चर्च राहू देण्याचे कलम तहात आले. दोनशे वर्षांच्या पोर्तुगीज अमलात हिंदू मंदिरांच्या वाट्याला जे आले त्याच्याशी तुलना करता हे औदार्य होते. त्याच वेळी हेही खरे की इतर चर्च ओस पडली आणि त्यांच्या घंटा विजयचिन्हे म्हणून देशावर गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या मंदिरात आणि भीमाशंकराला त्या आजही आहेत.

सरहद्द पुढे सरकते

या साऱ्या घटनांतून आम्हांला एक गोष्ट ठळकपणे दिसते. बचावाचे कारण सरहद्दीला चिकटलेले असते आणि सरहद्द पुढे सरकली की तेही तिच्याबरोबर पुढे सरकते. पोर्तुगिजांना गलबतांसाठी दीव हवे होते, दीवसाठी वसई, वसईसाठी साष्टी आणि चौलसाठी कोर्लई. मराठ्यांना कल्याणसाठी ठाणे आणि ठाण्यासाठी वसई घेणे भाग पडले. इंग्रजांना मुंबईसाठी साष्टी हवी झाली. प्रत्येक पायरीवर धोका दाखवता येत होता. परंतु घेतलेल्या प्रत्येक मुलखाला नवी कड येते, त्या कडेपलीकडे नवा शेजारी असतो, आणि त्याच्या हालचालींचे भय पुन्हा नव्याने सुरू होते. अशा रीतीने एकही पाऊल आक्रमणाचे न मानता माणूस साम्राज्याच्या टोकाला जाऊन पोहोचतो.

इंग्रजांचेच उदाहरण पुढे पाहा. ठाणे घेतल्यानंतर मुंबईकरांनी रघुनाथरावाची बाजू घेऊन युद्ध ओढवून घेतले. कलकत्त्याच्या वरिष्ठ कौन्सिलने या युद्धाला अन्यायाचे व धोक्याचे ठरवून मुंबईला फटकारले आणि कर्नल अप्टनला पुण्याकडे पाठवून १७७६ साली पुरंदरचा तह घडवून आणला. तथापि त्या तहातही साष्टी इंग्रजांनी सोडली नाही. युद्ध अन्यायाचे, पण त्यात मिळालेले बेट मात्र आमचे! १७८० साली त्यांनी वसईही जिंकली. १७८२ च्या सालबाईच्या तहाने वसई परत गेली, साष्टी राहिली. अखेर यशवंतराव होळकरांनी ऑक्टोबर १८०२ मध्ये पुण्याजवळ पराभव केल्यावर दुसरा बाजीराव पळून आला तो वसईलाच. ३१ डिसेंबर १८०२ रोजी येथे जो तह झाला त्याचे अधिकृत नाव ‘संरक्षणात्मक’ मैत्रीचा तह असेच होते. पेशव्यांच्या संरक्षणासाठी ६,००० पायदळ, त्याच्या खर्चासाठी २६ लाखांचा मुलूख, आणि परराज्यांशी बोलणे इंग्रजांना विचारल्याखेरीज करावयाचे नाही. या संरक्षणातून पुढच्याच वर्षी असईची लढाई झाली आणि १८१८ साली पेशवाई बुडाली. ‘संरक्षण’ या शब्दाने एखादे राज्य गिळता येते, याचा एवढा स्पष्ट दाखला दुसरीकडे शोधण्याची गरज नाही.

मग बचाव आणि आक्रमण यांत भेद नाहीच काय? असा निष्कर्ष कोणी काढला तर तो घातक ठरेल. सर्वच दोषी असे म्हटले की खरा आक्रमक सुटतो आणि ज्याच्या घराचे दार फोडले गेले तोही त्याच पंक्तीला बसवला जातो. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली न्याय्य बचावाचा हक्क मान्य केला तो याचसाठी. परंतु शांततेचे सर्व मार्ग संपल्यानंतरच, आणि लोकांचे रक्षण करणे वेगळे व इतरांना अंकित करणे वेगळे, हे स्पष्ट करूनच. पोप फ्रान्सिस यांनी २०२० सालच्या ‘फ्रातेल्ली तुत्ती’ या परिपत्रकात सावध केले आहे की बचावाची आणि खबरदारीची सबब पुढे करून युद्ध किती सहज निवडले जाते. रेषा पुसट आहे, पण ती नाही असे नव्हे. ती तटावर शोधू गेले तर सापडत नाही, कारण तटाला दोन बाजू असतात. ती शोधावी लागते धोका टळल्यानंतरच्या दिवशी. भय संपल्यावर जो थांबला, ज्याने घेतलेले परत केले, ज्याने पराभूताच्या जीविताची व श्रद्धेची बूज राखली, त्याचा बचावाचा दावा आपण ऐकून घेऊ शकतो. जो धोका टळल्यावर दुसरा धोका शोधायला निघाला, त्याचा दावा तपासलाच पाहिजे, मग तो कोणत्याही झेंड्याखाली असो. या कसोटीला आमच्या चार कथांतील एकही विजेता पूर्णपणे उतरत नाही. १७३९ चे चिमाजी अप्पा निदान तिच्या एका भागाला उतरतात. त्यांना ते श्रेय आपण मोकळ्या मनाने द्यावे.

तटाबाहेरची माणसे

या हिशेबात एक पक्ष नेहमी गळून जातो. तट ज्यांनी बांधले आणि तट पडल्यावर जे तेथेच राहिले, त्या गावकऱ्यांचा हा पक्ष. आपले कोळी, कुपारी, वाडवळ, आगरी पूर्वज. व्हाइसरॉय गोव्याला होता, पेशवे पुण्याला, कंपनीचे संचालक लंडनला. वसईच्या वाडीत पाणी शेंदणारा माणूस मात्र कोठे जाणार होता? १७३९ नंतर युरोपीय संघांचे धर्मगुरू निघून गेले. गोव्याहून आलेल्या देशी धर्मगुरूंनी आणि श्रद्धावंत कुटुंबांनी विश्वासाची ज्योत राखली. त्याच वर्षी वांद्र्याचे संत अॅनचे येशूसंघीय महाविद्यालय मराठ्यांच्या हाती पडू नये म्हणून इंग्रजांच्या सल्ल्याने सुरुंगाने उडवण्यात आले. तेही बचावासाठीच! कोर्लई १७४० च्या तहाने मराठ्यांकडे गेली, पोर्तुगीज निघून गेले, पण तेथील ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज आणि मराठी यांच्या मिश्रणातून घडलेली बोली आजपर्यंत बोलली जाते. राज्यकर्त्यांचे तट ढासळले. माणसांनी एकमेकांत मिसळून घडवलेली भाषा तगली.

या पूर्वजांची लेकरे म्हणून आपल्यापुढे आज दोन मोह आहेत. १७३९ ची कथा केवळ आपल्यावरील आघाताची कथा म्हणून सांगावी, हा पहिला. ती केवळ इतरांच्या मुक्तीची कथा म्हणून ऐकून मान खाली घालावी, हा दुसरा. दोन्ही कथनांत एक बाजू निव्वळ बचाव करते आणि दुसरी निव्वळ आक्रमण करते. अशी अर्धी कथा ऐकून वाढलेल्या मुलाला शेजाऱ्याच्या अंगणातील प्रत्येक हालचाल ही चाल वाटू लागते. १९९२-९३ च्या दंगलींत मुंबईने हे अनुभवले आहे. अफवा उठल्या, मोहल्ल्यांतून आणि चाळींतून रात्रीचे पहारे बसले. जो तो स्वतःला वाचवीत होता, आणि माणसे मात्र शेकड्यांनी मरत होती. तटाशिवाय, तोफांशिवाय, केवळ भयाच्या बळावर ठाणे आणि कोर्लई पुन्हा घडले.

येशूला धरण्यास आलेल्यांवर पेत्राने तलवार चालवली ती प्रेमापोटी आणि संरक्षणासाठी. प्रभूने त्याचा हात थांबवला, आणि ज्याचा कान कापला गेला होता त्या मल्खाकडे लक्ष दिले. पेत्राचा हेतू वाईट होता असे शुभवर्तमान कोठेही म्हणत नाही. परंतु जखम कोणाला झाली हे पाहिल्याखेरीज हेतूचा निकाल पुरा होत नाही, एवढे त्या प्रसंगातून आम्हांस उमगते.

व्हितोरियांनी राजांना घातलेली अट आज आपल्या घरांना, पाड्यांना आणि पॅरिश सभांना लागू करावयास हरकत नाही. भिंत घालण्यापूर्वी पलीकडच्याला ती कशी दिसेल हे त्यालाच विचारावे. आणि भय वाटले तर ते त्याच्यापाशी बोलून दाखवावे. ठाण्याच्या खाडीवर हा संवाद पुरता झाला असता तर युद्ध टळलेच असते, असे आम्ही म्हणणार नाही. साष्टीतील अन्यायाचे निवारण त्याने आपोआप झाले नसते. परंतु कोर्लईच्या डोंगरावर कोणीच तट घालू नये असे दोन शत्रूंनी एकदा ठरवले होते, आणि तो शब्द टिकला तोवर त्या डोंगरासाठी कोणाला मरावे लागले नाही. आपल्या इतिहासातील ही छोटी, विसरलेली गोष्ट मुलांना लढायांच्या बरोबरीने सांगितली गेली पाहिजे.